छडी आणि घरची भाषा
(एका फिलिपिनो कादंबरीतील प्रकरणाचा पाठ)

दूरदेशीच्या कादंबरीतील प्रसंग आपल्याच अंगणात घडल्यासारखा वाटावा, असा योग क्वचित येतो. होसे रिझाल यांच्या 'नोली मे तांगेरे' या कादंबरीचे एकोणिसावे प्रकरण वर्गात शिकविताना आम्हांस तो आला. स्पॅनिश भाषेतील ही कादंबरी १८८७ साली बर्लिन येथे छापली गेली. ३० डिसेंबर १८९६ रोजी मनिला येथे स्पॅनिश सत्तेने रिझाल यांना गोळ्या घालून ठार केले. १९५६ च्या कायद्याने फिलिपिन्सच्या विद्यालयांत तिचे अध्ययन आवश्यक ठरले.

या प्रकरणात गावचे शिक्षक आपली हकीकत नायक इबार्रा यास सांगतात. शाळेस स्वतंत्र इमारत नाही. पाद्र्याच्या निवासाखाली, त्याच्या घोडागाडीशेजारी वर्ग भरतो. मुले स्पॅनिश पुस्तके घोकतात. अर्थ मात्र कळत नाही. गुरुजी छडी टाकतात, तर पाद्री दामासो संतापतो आणि पालकही छडीचाच आग्रह धरतात. अखेर गुरुजी छडी पुन्हा हाती घेतात व खिन्नतेने आजारी पडतात.

येथे आम्ही वाचन थांबवून विचारले, "हे गुरुजी भित्रे होते काय?" बहुतेकांनी "होय" म्हटले. मागच्या बाकावरील एक मुलगी मात्र उठून म्हणाली, "पण त्यांच्या बाजूने होते कोण? आईबापसुद्धा नव्हते." वर्ग स्तब्ध झाला. जुलूम सोसणाऱ्यांनाच तो योग्य वाटू लागतो, हे रिझाल यांचे मर्म तिने अचूक हेरले होते.

मग आम्ही पुढचा भाग वाचला. आजारातून उठल्यावर गुरुजी पुन्हा प्रयत्न करतात. पुस्तकांतील उतारे मुलांच्या भाषेत आणतात. नवा पाद्रीही आडवा येतो. परंतु भित्रा मनुष्य दुसऱ्यांदा प्रयत्न करीत नाही!

आपल्या नगर हवेलीवरही १७८३ पासून पोर्तुगीजांचा अंमल होता. २ ऑगस्ट १९५४ रोजी सिल्वासा मुक्त झाले. परकी सत्ता गेली, पण न समजता घोकणे गेले काय? डोकमर्डीच्या आमच्या वर्गात वारली, कोकणा, धोडिया अशा घरांतील मुले बसतात. म्हणून गृहपाठ दिला : हे प्रकरण घरी आपल्या बोलीत सांगा. दुसऱ्या दिवशी एरवी मौन धरणारा एक मुलगा वारलीत बोलू लागला. सारे हसतील, या भयाने तो प्रथम अडखळला. कोणी हसले नाही. तास संपला, तरी त्याची गोष्ट चालूच होती. आणि त्या दिवशी आम्ही विद्यार्थी झालो होतो.