कॅमेऱ्याचा पहारा आणि पासवर्डची किल्ली

घनसावंगी तालुक्यातील जांब समर्थ हे समर्थ रामदासांचे जन्मगाव. तेथील राममंदिरातून ऑगस्ट २०२२ मध्ये प्राचीन मूर्ती चोरीस गेल्या. पुढे पोलिसांनी त्यांचा शोध लावला. अशा घटनांनंतर गावोगावी कॅमेऱ्यांची मागणी व्हावी, हे स्वाभाविकच होय. बदलापूर येथील बालिकांवरील अत्याचारानंतर, ऑगस्ट २०२४ मध्ये, राज्य शासनानेही शाळांत सीसीटीव्ही बंधनकारक केले. तथापि, कॅमेरा बसला म्हणजे सुरक्षितता आली, ही समजूत अपुरी आहे.

इंटरनेटला जोडलेला कॅमेरा हा वस्तुतः लहानसा संगणक असतो. दूरवरून मोबाईलवर दृश्य पाहता यावे म्हणून राउटरमधून पुष्कळदा बाहेरच्यांसाठी वाट मोकळी ठेवली जाते. त्या वाटेवरील कुलूप म्हणजे पासवर्ड. कारखान्यातून आलेला ‘अॅडमिन’ किंवा ‘१२३४५’ हा पासवर्ड तसाच राहिला, तर किल्ली कुलपालाच अडकवून ठेवल्यासारखे होते. अशी उपकरणे हुडकण्यास फार कौशल्यही लागत नाही. ‘शोडन’ हे शोधयंत्र २००९ पासून इंटरनेटवरील उघड्या उपकरणांची नोंद करीत आले आहे. २०१६ मध्ये ‘मिराई’ नामक घातक प्रणालीने साठएक ठराविक पासवर्ड आलटून पालटून वापरले आणि जगभरातील लाखो कॅमेरे, रेकॉर्डर व राउटर ताब्यात घेतले. मालकांना त्याचा पत्ताही नव्हता.

फेब्रुवारी २०२५ मध्ये राजकोट येथील एका प्रसूती रुग्णालयातील महिलांच्या तपासणीची चित्रे इंटरनेटवर विकली जात असल्याचे उघडकीस आले. तपासाचे धागे महाराष्ट्रापर्यंत पोहोचले. लातूर व सांगलीतील संशयितांना अटक झाली. या प्रकरणी पासवर्डाच्याही आधीचा प्रश्न असा की, तपासणीच्या खोलीत कॅमेरा हवाच कशाला? खाजगीपणा हा मूलभूत हक्क असल्याचा निर्वाळा सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींच्या पीठाने २४ ऑगस्ट २०१७ रोजी दिला आहे. तो हक्क शाळेतील मुलींचा व दवाखान्यातील मातांचाही आहे.

यास्तव मुख्याध्यापकांनी अथवा ग्रामसेवकांनी कॅमेरे बसविणाऱ्याचे देयक अदा करण्यापूर्वी मूळ पासवर्ड आपल्यासमक्ष बदलून घ्यावा. नवा पासवर्ड कोणाकोणास ठाऊक आहे, याची नोंद ठेवावी. ती व्यक्ती बदलून गेल्यास तोही बदलावा. उत्पादकाने दिलेली सुधारित प्रणाली वेळोवेळी भरून घ्यावी. आणि गावाबाहेरून दृश्य पाहण्याची गरज नसेल, तर रेकॉर्डर इंटरनेटला जोडूच नये. चित्रण त्याविनाही साठविले जाते.