बल्ब नंतर बघ, आधी फोकस उतरव

हे बघ, शंभर वॅटचे बल्ब घ्यायच्या आधी माझं थोडं ऐकून घे. परवा फोनवर तू म्हणालीस, "ताई, रात्रीची ड्युटी संपवून निघाले की समोरचं काही दिसत नाही, आणि वरून समोरचे गाडीवाले अप्पर मारून माझ्यावरच चिडतात." या दोन्ही तक्रारी एकदमच असतील ना, तर बल्ब कमी पडत नाहीये बाई, फोकस चुकलाय. रस्त्यावर पडायचा उजेड झाडांच्या फांद्यांवर आणि समोरच्याच्या डोळ्यांत जातोय. जुनी गाडी घेतली की असं बऱ्याचदा होतं. आधीच्या मालकानं कधीतरी बंपर ठोकलेला असतो, कुणी घाईत बल्ब वाकडा बसवलेला असतो, नाहीतर मागच्या स्प्रिंगा बसलेल्या असतात. यातलं बरंचसं तुला घरच्या घरी, एका संध्याकाळी ठीक करता येईल. त्यासाठी गॅरेजवाल्याची वाट बघत बसू नकोस.

मी मागे लागतेय कारण रस्ते आपल्याकडचे आहेत. चंद्रपूरहून मूलला निघालीस की लोहारा मागे पडला न पडला तोच जंगल लागतं. चिचपल्लीच्या आसपास रात्री काय आडवं येईल सांगता येत नाही. तिकडे ब्रह्मपुरी वनविभागात ताडोबाच्या हद्दीबाहेरही वाघ राहतात. पण मला वाघाची तेवढी धास्ती नाही, तो क्वचित दिसतो. चितळ, रोही आणि डुक्कर मात्र रोजचेच. दिवाळी झाली की धानाची कापणी-मळणी सुरू होते, मग मागे लाल दिवा नसलेल्या ट्रॉल्या रस्त्यावर येतात. त्याच दिवसांत झाडीपट्टीची नाटकं सुरू होतात. वडसा, आरमोरी, सिंदेवाही, नागभीड, गावोगावी मंडई आणि रात्रभर नाटक. पहाटे माणसं पेंगुळलेल्या डोळ्यांनी दुचाकीवर तिघं-तिघं बसून घरी निघतात. आणि मार्च-एप्रिलात मोहफुलं वेचायला बाया उजाडायच्या आत टोपल्या घेऊन रस्त्याच्या कडेनं चालत असतात. त्यांच्या अंगावर चमकणारं काही नसतं. ही सगळी माणसं तुला तुझ्या दिव्यानंच दिसणार आहेत.

आता बल्बचं सांगते. तुझ्या गाडीत साध्या गाड्यांत असतो तो एच-४ असेल तर तो ६०/५५ वॅटचा असतो: वरच्या लाईटला म्हणजे अप्परला ६०, खालच्याला म्हणजे डिपरला ५५. आतला होल्डर, वायर, मागचा चकचकीत रिफ्लेक्टर, सगळं तेवढ्याच उष्णतेच्या हिशेबानं केलेलं असतं. शंभर वॅटचा बल्ब घातलास की होल्डर वितळतो, रिफ्लेक्टर काळवंडतो, आणि हळूहळू आधीपेक्षा कमी दिसायला लागतं. बाजारात हॅलोजनच्या जागी बसणारे एलईडी मिळतात, त्यांचाही मोह धरू नकोस. एच-४ च्या आत डिपरच्या तारेखाली एक छोटीशी धातूची वाटी असते. ती खाली जाणारा उजेड अडवते, म्हणून डिपरचा झोत वरच्या बाजूला रेघ मारल्यासारखा कापलेला दिसतो. तार ठरलेल्या जागेवरून जराशी हलली तरी ती रेघ बिघडते. स्वस्त एलईडीत तो हिशेब जुळत नाही. उजेड पांढराशुभ्र दिसतो खरा, पण तो चोहीकडे फाकतो.

म्हणून पहिलं काम हे, की बल्ब नीट बसलाय का ते बघ. गाडी बंद करून थंड होऊ दे. बॉनेट उघड, दिव्यामागचं रबरी झाकण काढ. बल्बच्या चकतीला तीन कान असतात, ते तिन्ही आपापल्या खाचेत बसलेच पाहिजेत आणि वरून तारेची क्लिप घट्ट लागली पाहिजे. बल्बची काच बोटानं धरायची नाही. हाताचं तेल काचेला लागलं की तिथं जास्त तापतं आणि बल्ब लवकर जातो. कापडानं धर. निम्म्या गाड्यांचा फोकस मला वाटतं एवढ्यानंच जागेवर येईल, इतकं हे दुर्लक्षित काम आहे. बाहेरची काचही धू. आपल्याकडे घुग्घुस-पद्मापूरच्या बाजूला कोळशाची धूळ, आलापल्ली-आष्टीच्या रस्त्याला लोहखनिजाची. कोरड्या फडक्यानं पुसलंस तर चरे पडतात, आधी पाणी ओत.

आता भिंत. अंगणात हे करायला जाशील तर एक अडचण येईल. आपल्याकडे अंगणाला पाणी वाहून जायला उतार दिलेला असतो, तो डोळ्यांना दिसत नाही पण मापात घोळ करतो. गाडीची चारही चाकं आणि भिंतीचा पाया एकाच पातळीत हवेत. एखाद्या राईस मिलचं सिमेंटचं आवार, शाळेचं पक्कं पटांगण, असं काही मिळालं तर उत्तम. नाहीतर ओळखीच्या गवंड्याकडून ती पारदर्शक लेव्हलची नळी आण, पाणी भरलेली. चाकांच्या जागा तिनं तपासून घे आणि दिव्याची उंचीही तिनंच भिंतीवर ने. नळीतलं पाणी खोटं बोलत नाही.

चारही चाकांत हवा बरोबर भरून घे, डिकी रिकामी कर, टाकीत निदान अर्धं इंधन असू दे. ड्रायव्हरच्या सीटवर कुणालातरी बसव, कारण रोज तिथं तू बसलेली असतेस आणि त्या वजनानं गाडी थोडी दबते. स्टिअरिंगच्या आसपास दिव्याचं चित्र आणि ०, १, २, ३ असे आकडे असलेलं छोटं चाक असेल तर ते शून्यावर ठेव. गाडी भिंतीसमोर सरळ उभी कर, दिव्यापासून भिंत बरोबर ५ मीटर. हँडब्रेक ओढ. दिव्याच्या काचेवर मधोमध बऱ्याचदा बारीक ठिपका असतो, त्याची उंची भिंतीवर खडूनं मार, दोन्ही दिव्यांसमोर एकेक फुली. मग त्या फुल्यांच्या ५ सेंटीमीटर खाली एक आडवी चिकटपट्टी लाव.

हे ५ सेंटीमीटर कुठून आले ते सांगते, म्हणजे तू डोळे मिटून माझं ऐकणार नाहीस. बॉनेटखाली किंवा दिव्याच्या वरच्या प्लॅस्टिकवर दिव्याचं छोटं चित्र आणि शेजारी टक्क्यात आकडा छापलेला असतो, बहुधा १ किंवा १.२ टक्के. १ टक्का म्हणजे दर मीटरला झोत १ सेंटीमीटर खाली उतरायला हवा. ५ मीटरला ५ सेंटीमीटर, १० मीटरला १०. तुझ्या गाडीवर १.२ लिहिलं असेल तर ५ मीटरवर ६ सेंटीमीटर धर. आधी तो आकडा शोध, मगच पट्टी लाव.

तिन्हीसांज झाली की डिपर लाव आणि एक दिवा जाड कापडानं थोडाच वेळ झाक. काच तापते, म्हणून जास्त वेळ झाकून ठेवू नकोस. भिंतीवर बघ, उजेडाची वरची कड स्पष्ट दिसेल. उजव्या बाजूला ती आडवी असेल आणि मधल्या एका ठिकाणापासून डावीकडे तिरकी वर चढत गेलेली असेल. तो बिघाड समजू नकोस. आपण डावीकडून चालतो, म्हणून डावी कड लांबवर उजळावी आणि उजवीकडून येणाऱ्याच्या डोळ्यांवर जाऊ नये, अशी ती मुद्दाम केलेली असते. मोहफुलंवाल्या बाया, सायकलवाले, बैलबंडी, सगळी त्या तिरक्या उजेडात येतात. आडवी कड पट्टीवर बसली पाहिजे आणि ती वळते तो कोपरा दिव्याच्या फुलीखाली सरळ समोर आला पाहिजे.

बसत नसेल तर दिव्यामागे दोन स्क्रू शोध. एक वर-खाली करतो, दुसरा डावी-उजवीकडे. काही गाड्यांत ती हातानं फिरणारी पांढरी प्लॅस्टिकची टोपी असते, काहींत लांब पेचकस वरून खाली घालावा लागतो आणि त्याचं टोक एका दातेरी चकतीत अडकतं. आधी वर-खालीचा धर. पाव फेरा फिरव आणि भिंतीकडे बघ. कड वर गेली तर उलट फिरव, गाडीगणिक दिशा वेगळी असते. आतून बारीक कटकट येते आणि भिंतीवरची रेघ केसभर सरकते, इतकं हळू चालतं ते काम. जोर लावायचा नाही. स्क्रू फिरतोय पण रेघ हलतच नाही, किंवा दिवा हातानं दाबला की डुलतो, असं असेल तर आतला पकडणारा भाग तुटलाय, तिथं मात्र गॅरेज गाठ. इंजिन चालू असेल तर रेडिएटरचा पंखा अचानक फिरायला लागतो, म्हणून ओढणी आणि वेणी आधी बांधून घे. कंपनीकडूनच एलईडी हेडलाईट असलेल्या आणि आपोआप पातळी सांभाळणाऱ्या गाड्यांना मात्र आपण हात लावू नये.

अप्पर बघून फोकस लावायचा नाही, नेहमी डिपरवरच लावायचा. एच-४ मध्ये डिपर जागेवर आला की अप्पर आपोआप येतो.

आता मला ज्याची खरी काळजी आहे ते. तू गावाकडून निघतेस तेव्हा आई डिकीत तांदळाचं पोतं टाकते, मागच्या सीटवर तिघं बसतात. मागची बाजू ५ सेंटीमीटर दबली समज. पुढच्या-मागच्या चाकांमधलं अंतर साधारण अडीच मीटर, म्हणजे गाडीचं नाक २ टक्क्यांनी वर गेलं. तू भिंतीसमोर तासभर खपून १ टक्का खाली आणलेला झोत आता १ टक्का वर बघतोय. त्या रात्री समोरून येणारा दुचाकीवाला तुझ्या उजेडात आंधळा होतो आणि तुला स्वतःला रस्ता दिसत नाही. ते आकड्यांचं छोटं चाक याचसाठी असतं. आकडा वाढवला की झोत खाली येतो. सगळ्या सीट भरल्या तर १, वर डिकीही भरली तर २, असं साधारण धर. नेमकं गाडीच्या पुस्तकात दिलेलं असतं. सामान उतरवलं की परत शून्य. बायकाच काय, वर्षानुवर्षं गाडी चालवणारे पुरुषही या चाकाला हात लावत नाहीत, याचं मला फार वाईट वाटतं. पैसे भरून घेतलेल्या गाडीत ते फुकट मिळालेलं असतं.

आणि आपला रस्ता किती दिसतो याचाही हिशेब मनात ठेव. दिवा जमिनीपासून ६५ सेंटीमीटर उंच आणि झोत १ टक्का खाली, तर तो सपाट रस्त्यावर ६५ मीटरला टेकतो. ताशी ६० नं जाताना काहीतरी दिसल्यापासून ब्रेक लागून गाडी थांबेपर्यंत कोरड्या डांबरावर साधारण ४५ मीटर जातात. ८० ला ७० च्या आसपास. म्हणजे फोकस अगदी बरोबर असला तरी डिपरवर ८० चा वेग आपल्या जंगलात जास्तच आहे. समोर कुणी नसेल तेव्हा अप्पर लाव, तो त्याचसाठी आहे, पण दूरवर उजेड दिसला की लगेच खाली. फोकस फार खाली करून ठेवणारेही असतात. २ टक्क्यांवर झोत बत्तीस-तेहेतीस मीटरलाच टेकतो, मग ६० लाही थांबणं होत नाही. त्यामुळे "लोकांना त्रास नको" म्हणून मनानं खाली करू नकोस, मापानं कर.

चितळाचे, रोहीचे, गाईम्हशींचे डोळे उजेडात चमकतात, कारण त्यांच्या डोळ्यांच्या आत मागच्या बाजूला उजेड परतवणारा थर असतो. डुकराच्या डोळ्यात तो नसतो. काळं अंग, चमक नाही, आणि कळप एकामागून एक रस्ता ओलांडतो. एक डुक्कर गेलं म्हणजे झालं असं समजू नकोस, मागे पिल्लं असतात. चमकणारे डोळे शोधत राहण्यापेक्षा रस्त्याच्या कडेला काळा ठिपका हलतोय का ते बघायची सवय लाव. जनावर उजेडात खिळून उभं राहिलं तर अप्पर बंद कर, गाडी थांबव, त्याला जाऊ दे.

कायद्याचं म्हणशील तर १९८९ च्या केंद्रीय मोटार वाहन नियमांत १०६ वा नियम झोताच्या या उताराचाच आहे. ८ मीटरवर उभ्या असलेल्या, दीड मीटर उंचीवर डोळे असलेल्या माणसाला झोतानं दिपवू नये, इतका तो खाली वळवलेला हवा. दीड मीटर म्हणजे आपल्या आईच्या डोळ्यांची उंची, बघ.

समोरून कुणी अप्पर घेऊन आलाच तर तूही उलट अप्पर मारून भांडू नकोस. वेग कमी कर आणि नजर डाव्या पांढऱ्या पट्टीवर ठेव, पट्टी नसेल तर डांबराच्या कडेवर. दोघंही आंधळे झाले तर मधल्या सायकलवाल्याला कोण बघणार? थंडीत वैनगंगेच्या काठानं धुकं उतरतं, तेव्हाही डिपरच ठेव. अप्परचा उजेड धुक्यावरून परत आपल्याच डोळ्यांत येतो.

स्कूटीचंही याच भिंतीसमोर करून घे. बहुतेक दुचाक्यांना दिव्याच्या खाली एकच स्क्रू किंवा बोल्ट असतो, तेवढा सैल करून दिवा वर-खाली करता येतो. दुचाकी स्टँडवर नको, दोन्ही चाकांवर उभी हवी, आणि वर तू बसलेली. मागे नेहमी कुणी बसत असेल तर त्यालाही बसव. दुचाकीवर मागचं माणूस बसलं की फोकस चारचाकीपेक्षाही जास्त उचलतो.

भिंतीवरच्या खुणा पुसू नकोस, बल्ब बदलला किंवा स्प्रिंगचं काम केलं की परत लागतील. तुझे भाऊजी पुढच्या रविवारी पिकअप घेऊन तिकडे येतायत, त्यांनाही त्याच भिंतीसमोर उभं कर. फक्त पिकअपचा दिवा उंच असतो, तुझी फुली तिला चालणार नाही. टेप घेऊन नव्यानं माप, आणि माल भरलेला असताना एकदा, रिकामी असताना एकदा बघ.