शिफ्ट संपली की घरी जा



अंबरनाथच्या आनंदनगर एमआयडीसीत ट्रेनी म्हणून लागलास, फार बरं वाटलं. आता पहिल्या सहा महिन्यांत एकच पथ्य पाळ: शिफ्ट संपली की घरी जायचं. नवा मुलगा रोज दोन तास जास्त थांबला की मेहनती ठरतो. पुढच्या महिन्यात ते दोन तास त्याच्या कामातच धरले जातात आणि एखाद दिवशी वेळेवर निघाला तर तोच कामचुकार होतो. जागतिक आरोग्य संघटना आणि आंतरराष्ट्रीय श्रम संघटना यांनी 2021 मध्ये मांडलेला हिशोब बघ. आठवड्याला 35 ते 40 तास काम करणाऱ्यांच्या तुलनेत 55 किंवा जास्त तास राबणाऱ्यांना पक्षाघाताचा धोका 35 टक्क्यांनी आणि हृदयविकाराने मरण्याचा 17 टक्क्यांनी अधिक. हे नुकसान वर्षानुवर्षं साठतं हे खरं, पण सवय पहिल्या महिन्यातच लागते. 2024 च्या जुलैत पुण्यात 26 वर्षांची सनदी लेखापाल नोकरीच्या जेमतेम चार महिन्यांत गेली. कामाच्या बोजाने गेली, असं तिच्या आईने कंपनीच्या प्रमुखांना लिहिलं; कंपनीने ते नाकारलं. तरी ते पत्र वाचून देशभरातले तरुण आपापल्या ऑफिसबद्दल बोलू लागले.

तू म्हणशील, थांबलो नाही तर शिकणार कसा? सिनियर नवी बॅच लावून दाखवत असतील तर जरूर थांब. साहेब अजून बसलेत म्हणून बसून राहणं म्हणजे शिकणं नव्हे. शिवाय तुझं काम रसायनांचं. पेंगुळलेल्या डोळ्यांनी लॉगबुकात रिअॅक्टरचं तापमान चुकीचं भरलंस तर ते पुढच्या शिफ्टवाल्याच्या जिवावर बेतेल. गॅसगळतीने डोळे चुरचुरणं म्हणजे काय, हे अंबरनाथ-बदलापूरकरांना सांगायला नको. प्रोबेशनवर तोंड कसं उघडायचं, हा तुझा दुसरा प्रश्न, आणि तो रास्त आहे. सरळ नकार देऊ नकोस. “सर, दोन्ही आज होणार नाही, आधी कोणतं घेऊ?” एवढंच विचार. आणि सुट्टीचा दिवस सुट्टीचाच ठेव. गिरणी कामगारांना रविवारची सुट्टीसुद्धा कामगार पुढारी नारायण मेघाजी लोखंड्यांनी 1884 पासून मागणी लावून धरली तेव्हा 1890 मध्ये मिळाली. ती फोनवर मेसेज बघण्यात घालवू नकोस.

झोप उडाली, जेवण जाईना, सकाळी गेटपाशी छातीत धडधडू लागलं, तर 14416 वर फोन कर. टेली-मानसची ही सरकारी सेवा मोफत आहे, मराठीत बोलता येतं. आणि आईला सांगणं जड वाटलं तर मला सांग, कितीही वाजलेले असोत.

तुझी मावशी