दगडखाणीला हरकत कुठे घ्यायची?

प्रश्न : मी इच्छापोरला (सुरत) राहतो. मांडवी तालुक्यात आमच्या शेताला लागून दगडखाण येणार आहे. ग्रामपंचायतीत हरकत नोंदवायला गेलो, तर 'परवाना आम्ही देत नाही' म्हणाले. आता काय करावे?

उत्तर : पंचायतीने अर्धेच सांगितले. गुजरातमध्ये खाणपट्टा 2017 च्या गौण खनिज नियमांनुसार राज्याचे खनिज खाते देते, हे खरे. पण मांडवी तालुका अनुसूचित क्षेत्रात आहे. 1996 च्या पेसा कायद्यानुसार तिथे पट्ट्याआधी ग्रामसभेची किंवा योग्य स्तरावरच्या पंचायतीची शिफारस बंधनकारक आहे. तेव्हा माहिती अधिकारात त्या शिफारशीच्या ठरावाची प्रत आणि हजेरीपत्रक मागवा. बरीच प्रकरणे इथेच डळमळतात.

पाच हेक्टरांहून लहान खाणीलाही पर्यावरण मंजुरी लागते. सर्वोच्च न्यायालयाने 27 फेब्रुवारी 2012 रोजी दीपक कुमार प्रकरणात ते स्पष्ट केले. मंजुरीविरुद्ध राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणात 30 दिवसांत अपील करता येते, सबळ कारण दाखवल्यास आणखी 60 दिवस मिळतात. त्यानंतर दार बंद. गुजरातची प्रकरणे पुण्याच्या खंडपीठापुढे चालतात, म्हणजे मराठी वकीलही सहज मिळेल.

हरकतीच्या अर्जात नुसते 'धुळीचा त्रास होईल' लिहून भागत नाही. विहीर, घरे, शाळा, ओढा यांची खाणीपासूनची अंतरे नकाशावर दाखवा. आणि सुरुंग लागण्याआधीच भिंतींचे तारखेसह फोटो काढून ठेवा. नाहीतर तडे जुनेच होते, असे खाणमालक म्हणणारच.