आधी स्कॅन, मग बुकिंग

उणे सहाचा नंबर घेऊन विरार फास्टमध्ये चढणाऱ्याला लेझरचा मोह का होतो, हे मला पुरतं ठाऊक आहे. गर्दीत चष्मा सांभाळायचा की पर्स? एसी लोकलमधून उतरलं की काचा धुरकट, पुढची पायरीही दिसत नाही.

मी एका लेझर सेंटरमध्ये गेले. डॉक्टरांच्या आधी भेटल्या त्या काउन्सेलर: "मॅडम, आज बुकिंग केलंत तर सूट आहे." कॉर्नियाच्या, म्हणजे डोळ्याच्या पुढच्या पारदर्शक थराच्या, स्कॅनचं विचारलं, तर म्हणाल्या, तो ऑपरेशनच्या दिवशी करू. मी पैसे न भरता उठले आणि दुसऱ्या डॉक्टरांना गाठलं.

त्यांनी आधी कॉन्टॅक्ट लेन्स दोन आठवडे बंद करायला लावल्या. लेन्सने कॉर्नियाचा आकार बदलतो, मग मोजमाप चुकतं. नंतर स्कॅन. पडद्यावर हिरवा-पिवळा नकाशा उमटला आणि उजव्या डोळ्यात, खालच्या बाजूला, लाल डाग. "इथे कॉर्निया पातळ होऊन पुढे येतोय. केराटोकोनसची सुरुवात आहे. लेझर नाही करायचं."

कॉर्निया जेमतेम अर्धा मिलिमीटर जाड. लेझरचा प्रकार लॅसिक असो, पीआरके असो की स्माइल, नंबर घालवायचा तर त्यातलाच थोडा भाग काढावा लागतो. मुळात कमकुवत कॉर्निया आणखी पातळ केला, तर तो फुगत जातो आणि कधीकधी कॉर्निया बदलण्याची पाळी येते. माझं क्रॉसलिंकिंग झालं: रिबोफ्लेविनचे थेंब आणि अतिनील किरण. त्याने आजार थोपतो, नंबर जात नाही. आता हार्ड लेन्सने मला छान दिसतं. डोळे चोळणं मात्र कायमचं बंद.

तुमचा स्कॅन चांगला आला आणि नंबर वर्षभर स्थिर असेल, तर लेझर जरूर करा. रिपोर्टची प्रत मागून घ्या. डोळे कोरडे पडतात का, रात्री दिव्यांभोवती वलयं दिसतील का, हे डॉक्टरांनाच विचारा. चाळिशीनंतर वाचायचा चष्मा बहुधा लागतोच. कॉर्निया निरोगी पण पातळ, किंवा नंबर फार मोठा असेल, तर डोळ्यात बसवायच्या आयसीएल लेन्सबद्दल विचारा.

लेन्स वापरणाऱ्यांनो, आपल्याकडे टँकरचं नाहीतर बोअरिंगचं पाणी. त्यानेच काय, फिल्टरच्या पाण्यानेही लेन्स धुवू नका, फक्त सोल्यूशन वापरा. पाण्यातला अमिबा कॉर्नियात शिरला की महिनोन्‌महिने औषधं घालावी लागतात, नजरही जाऊ शकते.

आणि लेझरने उणे नंबर गेला, तरी डोळा आतून लांबच राहतो, आतला पडदा, म्हणजे रेटिना, ताणलेलाच असतो. अचानक काळे ठिपके वाढले किंवा वीज चमकल्यासारखं दिसलं, तर त्याच दिवशी रेटिनाच्या डॉक्टरांकडे जा.