गॅस गेला कुठे, ते आधी विचारा

प्रश्न : आम्ही साकोली तालुक्यात राहतो. ऑगस्ट 2023 मध्ये कर्ज काढून साडेसात लाखांची गाडी घेतली. कंपनीची वॉरंटी तीन वर्षे किंवा एक लाख किलोमीटर, जे आधी होईल ते. गाडी आतापर्यंत 41 हजारच चालली आहे. मागच्या उन्हाळ्यापासून एसी थंड करत नाही. नागपूरच्या शोरूमने दोनदा गॅस भरला. पहिल्यांदा पैसे घेतले नाहीत, दुसऱ्यांदा अठराशे घेतले. म्हणाले, गॅस वॉरंटीत येत नाही. आमच्या मामाजींना डायलिसिससाठी नागपूरला न्यावे लागते. यंदा नवतपा सुरू असताना वाटेत एसी पार बंद पडला, म्हणून हायवेवरच्या एका दुकानात गॅस भरून घेतला. आता पुन्हा तेच. गॅस वॉरंटीत येतो की नाही? अठराशे परत मागता येतील का? घरचे म्हणतात की बाहेर गॅस भरल्याचे शोरूमला कळले तर गाडीची सगळीच वॉरंटी जाईल, त्यापेक्षा तिकडे जायलाच नको. भंडाऱ्याचा एक मेकॅनिक सहा हजारांत पक्के काम करून देतो म्हणतो. शोरूमवाले एक्स्टेंडेड वॉरंटी घ्या म्हणून मागे लागले आहेत. काय करावे?
— एक वाचक, साकोली

उत्तर : ताई, अठराशे रुपये तूर्त विसरा. तुमच्या पत्रात दोन गोष्टी त्याहून मोठ्या आहेत. पहिली, तुमची वॉरंटी येत्या ऑगस्टमध्ये संपते. दुसरी, बाहेर गॅस भरल्याच्या भीतीने तुम्ही शोरूमकडे पाठ फिरवायला निघाला आहात.

आधी भीतीचे सांगते. बाहेर एकदा गॅस भरल्याने इंजिनाची, गिअरबॉक्सची, सगळ्या गाडीची वॉरंटी जात नाही. बहुतेक कंपन्यांच्या पुस्तिकेत असे असते की, अनधिकृत ठिकाणी केलेल्या कामामुळे जो बिघाड होईल, तो वॉरंटीत धरला जाणार नाही. तुमची पुस्तिका उघडा आणि हे कलम स्वतः वाचा, कारण शब्दांत कंपनीगणिक फरक असतो. पण तुमचा बिघाड त्या दुकानात जाण्याआधी वर्षभर होता. शोरूमने स्वतः दोनदा गॅस भरला, हाच त्याचा पुरावा. म्हणून हे लपवू नका. दुकानाची पावती असेल तर जपून ठेवा, नसेल तर जाऊन तारखेसह मागून घ्या. शोरूमला स्वतःहून सांगा की तुमच्याकडे दोनदा भरलेला गॅस टिकला नाही, रुग्ण गाडीत होता, म्हणून वाटेत भरावा लागला. लपवले आणि नंतर कॉम्प्रेसर उघडल्यावर चुकीचे तेल किंवा भेसळीचा गॅस सापडला, तर मात्र तुमची बाजू पडते.

आता तुम्ही विचारायला हवा होता तो प्रश्न. गॅस वॉरंटीत येतो का, हे नव्हे. गॅस गेला कुठे? एसीचा गॅस पेट्रोलसारखा जळत नाही की संपत नाही. कॉम्प्रेसर, कंडेन्सर, एक्स्पान्शन व्हॉल्व्ह, कूलिंग कॉइल आणि त्यांना जोडणारे पाइप अशा बंद वाटेत तोच तो फिरत राहतो. अनेक वर्षांत थोडासा झिरपतो, एवढेच. तीन वर्षांच्या आतल्या गाडीत तीनदा गॅस भरावा लागतो, याचा अर्थ कुठेतरी गळती आहे. पंक्चर न काढता ट्यूबमध्ये रोज हवा भरावी, तसे तुमच्या गाडीचे चालले आहे. नुसता गॅस भरणे वॉरंटीत येत नाही, हे शोरूमचे म्हणणे बहुतेक कंपन्यांच्या बाबतीत खरे आहे. तेल, फिल्टर, वायपरसारखा तो खर्चाचा माल धरतात. पण गळणारा कंडेन्सर किंवा कॉइल घडणीच्या दोषामुळे गळत असेल, तर तो भाग वॉरंटीत बदलून मिळतो आणि त्या कामासाठी लागणारा गॅसही सहसा त्यातच धरला जातो. म्हणजे गळती सापडली तर नव्याने भरायच्या गॅसचा खर्च बहुधा त्यांचा. गळती शोधलीच नाही, तर तो कायम तुमचा.

या व्यवहारात माणसे कुठे फसतात, ते सांगते, कारण हे मी फार वेळा पाहिले आहे. वॉरंटी चालू असते. एसी थंड करत नाही म्हणून गाडी नेतात. सर्व्हिस अ‍ॅडव्हायझर भला असतो, चहा देतो, गॅस भरून देतो. जॉब कार्डवर लिहिलेले असते ‘एसी चेकअप’ किंवा ‘जनरल चेकअप’. गाडी देताना एका कागदावर सही घेतात, त्यावर छापलेले असते की कामाबाबत समाधानी आहे. दोन दिवसांनी फोन येतो, दहापैकी दहा गुण द्या. माणूस देतो, कारण त्या घडीला गार हवा येत असते. दीड-दोन महिन्यांनी पुन्हा तेच. तोवर पाऊस सुरू होतो, मग थंडी, एसीची आठवणच राहत नाही. पुढच्या मार्चमध्ये गाडी नेली की उत्तर मिळते, मॅडम, वॉरंटी गेल्या महिन्यात संपली. कमी गॅसवर चालून चालून कॉम्प्रेसरही गेलेला असतो, कारण त्याचे वंगणाचे तेल गॅसबरोबरच फिरते. मग वीस-तीस हजारांचे अंदाजपत्रक हातात येते. ग्राहक आयोगात जावे, तर समोरचा वकील तीच जॉब कार्डे दाखवतो. गळतीची तक्रार कुठे आहे? समाधानी आहे म्हणून सही कोणाची? तोंडी सांगितलेले सगळे हवेत विरते.

तुमच्याकडे अजून थोडे दिवस आहेत. ते असे वापरा.

शोरूमकडून मागच्या दोन्ही भेटींच्या जॉब कार्डांच्या आणि बिलांच्या प्रती आजच मागवा. गाडीच्या सगळ्या भेटी त्यांच्या संगणकात असतात, पहिल्या फुकटच्या कामाचीही नोंद असायला हवी. मग वेळ घेऊन गाडी न्या, आणि ती दुपारी दाखवा. सकाळी साडेनऊला सावलीतल्या शेडमध्ये कोणताही एसी बरा वाटतो. जॉब कार्डवर ग्राहकाच्या तक्रारीचा रकाना असतो, तिथे तुमच्या शब्दांत लिहून घ्या : ‘थंड हवा येत नाही. अमुक आणि अमुक तारखेला येथे गॅस भरूनही पुन्हा कमी झाला. गळती कुठे आहे ते शोधावे.’ ‘एसी चेकअप’ एवढ्यावर सही करू नका. डॅशबोर्डच्या झरोक्यातून येणाऱ्या हवेचे तापमान थर्मामीटरने मोजायला सांगा आणि तो आकडा कार्डावर लिहायला लावा. गळती शोधायला नायट्रोजन भरून दाब तपासतात, व्हॅक्यूम करून तो टिकतो का ते बघतात, किंवा चमकणारा रंग घालून खास दिव्याखाली पाहतात. यातले काय केले आणि काय निघाले, हेही लेखी घ्या. काम झाल्यावर समाधानाच्या कागदावर डोळे झाकून सही करू नका. एसी पुन्हा बिघडला तर तक्रार कायम धरावी, असे हाताने लिहा आणि मग सही करा, आणि कागदाचा फोटो काढा. कुणी तोंड वाकडे केले तर करू द्या.

त्याच आठवड्यात कंपनीच्या ग्राहक विभागाला ईमेल पाठवा आणि तेच पत्र स्पीड पोस्टने पोहोचपावतीसह. गाडीचा नंबर, चासी नंबर, किलोमीटर, तिन्ही वेळा गॅस भरल्याच्या तारखा आणि वॉरंटी संपण्याची तारीख त्यात येऊ द्या. शोरूम आणि कंपनी हे कायद्याने एक नाहीत. गोव्यातल्या एका ग्राहकाला 2011 चे मॉडेल म्हणून 2009 ची गाडी विकली गेली, त्या खटल्यात 2021 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने टाटा मोटर्सला जबाबदारीतून मोकळे केले, कारण डीलरच्या वागण्यात कंपनीचा हात असल्याचा आरोप आणि पुरावा नव्हता. तेव्हा ‘वॉरंटी संपली तरी आपण बघून घेऊ ताई’ हा अ‍ॅडव्हायझरचा शब्द कंपनीवर बंधनकारक आहे, असे धरून चालू नका. कंपनीला तारखेच्या आत, थेट, लेखी कळलेले असले पाहिजे. अशी नोंद असेल, तर मुदतीत सांगितलेला दोष मुदतीनंतर दुरुस्त करायचा राहिला तरी तुमचा हक्क उभा राहतो.

एका ठिकाणी वाद होण्याची शक्यता आहे. कंडेन्सर रेडिएटरच्या पुढे, अगदी जाळीमागे असतो. आपल्याकडे वाळूच्या टिप्परमागे गाडी चालवली की खडे उडतातच. शोरूम म्हणेल की दगड लागला, वॉरंटी नाही. भाग काढण्याआधी जागेवरचा फोटो मागा. दगड लागला असेल तर पत्र्याच्या पापुद्र्यांवर ठोकर दिसते. गळती जोडावर असेल आणि ठोकरीचा मागमूस नसेल, तर दगडाचे कारण मान्य करू नका, लेखी नकार मागा. खरेच दगड असेल तर मग तो विम्याचा विषय. स्वतःच्या नुकसानीचे कवच असलेल्या पॉलिसीत बाहेरून अपघाताने झालेली मोडतोड बसते, आपोआप झालेला यांत्रिक बिघाड बसत नाही. पण सर्व्हेअरने बघण्याआधी भाग बदलू नका. दोन ते तीन वर्षांच्या गाडीत धातूच्या भागावर 15 टक्के आणि रबर-प्लास्टिकवर 50 टक्के घसारा कापतात (झीरो डेप घेतले असेल तर नाही), शिवाय 1500 सीसीपर्यंतच्या गाडीला पहिले हजार रुपये तुमचे. दावा केला की नूतनीकरणाला नो क्लेम बोनस जातो. त्यामुळे आधी गणित मांडा. उंदराने वायर कुरतडली असेल, आणि धानाच्या कोठीशेजारी गाडी उभी राहत असेल तर ते सहज होते, तर तोही वॉरंटीचा विषय नाही.

सहा हजारांचे पक्के काम : वॉरंटी संपेपर्यंत नको. लीकेज बंद करणारे रसायन घालून देतो म्हणाला, तर कधीच नको. ते पुढे व्हॉल्व्हमध्ये अडकते आणि शोरूमला नकाराचे आयते कारण मिळते.

गाडीच बदलून मागा, असे कुणी ना कुणी तुम्हाला सुचवेलच. 2006 मध्ये मारुती उद्योगच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की वॉरंटीत सदोष भाग दुरुस्त करण्याची किंवा बदलण्याची हमी असेल, तर ग्राहकाला तेवढेच मिळते. एसीसाठी नवी गाडी मागू नका.

एक्स्टेंडेड वॉरंटी तुमच्यासारखीला उपयोगाची आहे, पण चार अटींवर. ती कंपनीची स्वतःची हवी, डीलरने दुसऱ्याच कुणाची गळ्यात मारलेली नको. ती सहसा मूळ वॉरंटी संपण्याआधीच घ्यावी लागते. कव्हर होणाऱ्या भागांच्या यादीत कॉम्प्रेसर, कंडेन्सर आणि कूलिंग कॉइल नावानिशी हवेत. आणि आताची गळती मूळ वॉरंटीतच दुरुस्त करून घ्या, नाहीतर जुना दोष म्हणून तीही हात वर करेल. वॉरंटीत बदललेल्या भागाला बहुधा नवी तीन वर्षे मिळत नाहीत, मूळ वॉरंटीचे उरलेले दिवसच मिळतात. म्हणून तुमच्या बाबतीत मी घ्या म्हणेन. एक मात्र विचारते : ही गाडी कधी भाड्याने फिरवता का? खासगी गाडी भाड्याने चालवली, तर बऱ्याच कंपन्या दोन्ही वॉरंट्या नाकारतात.

हे सगळे करून शोरूम आणि कंपनी दाद देत नसतील, तर आधी 1915 या राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर तक्रार नोंदवा. बरीच प्रकरणे तिथेच मिटतात. नाहीच मिटले तर भंडाऱ्याच्या जिल्हा ग्राहक आयोगात जा. शोरूम नागपूरला असले तरी नागपूरला खेटे घालायचे कारण नाही. 2019 च्या ग्राहक संरक्षण कायद्याने ग्राहक जिथे राहतो तिथल्या आयोगात तक्रार करण्याची मुभा दिली आहे. कंपनी आणि शोरूम दोघांनाही पक्षकार करा. एकालाच केले की तो दुसऱ्याकडे बोट दाखवतो. तक्रारीचे कारण घडल्यापासून दोन वर्षांची मुदत आहे, ती हेल्पलाइनवर घालवू नका. दोष तपासणीशिवाय ठरत नसेल तर आयोग प्रयोगशाळेकडून तपासणी करून घेऊ शकतो. साडेसात लाखांच्या खरेदीवर तक्रारीचे शुल्क 200 रुपये आहे. ते अठराशे रुपये तिथे मागा, तोवर त्यांचे बिल जपून ठेवा. वकील लावलाच पाहिजे असे नाही, तुम्ही स्वतः उभ्या राहू शकता.