छोट्या घोड्यांच्या कुरणात शिरताना

कंबरेएवढा घोडा दिसला की लहान मूल धावत सुटतं आणि आपण फोन काढतो. इंग्लंडमध्ये राहणाऱ्या मराठी घरांना सुट्टीत पाहुण्यांच्या मुलांना न्यायला मिनिएचर पोनींचे फार्म फार सोयीचे वाटतात. तिथे जाऊच नका, असं मी सांगणार नाही. आमच्या भाच्याला जे झालं त्यानंतरही मी जाते, पण तयारीनिशी.

तो पुण्याहून ताईबरोबर आला होता. दुपारभर पोनींच्या मानेवरून हात फिरवला, शेजारच्या कुंपणातल्या कोकरांना बाटलीनं दूध पाजलं. आइस्क्रीमच्या खिडकीपाशी जेलची बाटली होती. तिथल्या पाटीवर लिहिल्याप्रमाणे सगळ्यांनी हाताला जेल चोळलं. पुढच्या आठवड्यात त्याला पाण्यासारखे जुलाब सुरू झाले, पोटात मुरडा येई, पाणीही ठरेना. डॉक्टरांचा पहिला प्रश्न होता, ‘अलीकडे फार्मवर गेला होतात का?’ शौचाच्या तपासणीत क्रिप्टोस्पोरिडियम निघाला. पोर बरं झालं, पण इतकं गळून गेलं की ताईला परतीचं तिकीट पुढे ढकलावं लागलं.

या परजीवीचं कवच इतकं चिवट असतं की हातावरच्या जेलचा त्याच्यावर परिणाम होत नाही. वासरं आणि कोकरं त्याची मुख्य वाहक. ई. कोलाय ओ157 हा आणखी घातक जंतूही गुरं, मेंढ्या, बकऱ्यांच्या शेणालेंड्यांतून येतो. 2009 साली सरे परगण्यातल्या एका फार्मवरून त्याची 93 जणांना लागण झाली. त्यात बहुतेक लहान मुलं होती आणि काहींच्या मूत्रपिंडांना गंभीर इजा झाली. पोनींकडून हा धोका कमी, पण मुलाचा हात बकरीवरून कुंपणाच्या दांडीवर, तिथून पोनीवर आणि मग थेट तोंडात जातो.

म्हणून साबण आणि वाहतं पाणी. बोटांच्या बेचक्या, नखं, मनगटं नीट धुऊन हात कोरडे करायचे. प्राण्यांपासून निघताना धुवायचे, खाण्याआधी पुन्हा धुवायचे. बूट आणि बाबागाडीची चाकं हाताळली तरीही. घरून नेलेला पुलाव, चकल्यांचा डबा कुंपणाजवळच्या बाकावर उघडायचा नाही. अंगठा चोखणाऱ्या मुलाला तर मी कडेवरूनच प्राणी दाखवते. घरात कुणी गरोदर असेल तर तिनं मेंढ्या विण्याच्या हंगामात तिकडे फिरकूच नये.

एवढं करूनही जुलाब झाले, तर भारतातून आणलेल्या औषधांच्या डब्यातली जुलाब थांबवणारी गोळी मुलाला देऊ नका. ई. कोलाय असेल तर तिनं नुकसान होऊ शकतं. घोट घोट पाणी, ओआरएस द्या आणि शौचात रक्त दिसलं किंवा लघवी कमी झाली तर लगेच दवाखाना गाठा. फार्मवर गेल्याचं न विचारता सांगा. क्रिप्टोस्पोरिडियम निघाला तर जुलाब थांबल्यावर दोन आठवडे पोहण्याच्या तलावात जायचं नाही, नाहीतर तो इतरांच्या मुलांना लागतो.

पोनींबद्दलही बोलायला हवं, कारण त्यांच्याकडून आपल्याला इजा होऊ शकते आणि आपल्याकडून त्यांना त्रास. उंची कमी असली तरी हे पुरते घोडे आहेत. 1842 च्या कायद्यानं ब्रिटनच्या खाणींत दहा वर्षांखालच्या मुलग्यांना जमिनीखाली उतरवायला बंदी झाली, तेव्हा कोळशाच्या गाड्या ओढायला शेटलंड पोनी उतरवले गेले. ती ताकद अजून त्यांच्या मागच्या पायांत आहे. पाठीमागून गेलात तर लाथ बसते. समोरून कपाळावर झडप घालणारा हातही त्यांना दिसत नाही. खांद्याच्या बाजूनं, बोलत जावं.

मुक्या जिवाला घास द्यायची आपली सवय मला प्रिय आहे, पण इथे आजीच्या पिशवीतली पोळी आणि गूळ पिशवीतच राहू द्या. थोड्याशा जादा साखर-पिठानं या पोनींच्या खुरांच्या आत सूज येते आणि त्यांना धड उभंही राहवत नाही. घोड्याला ओकता येत नाही. गाजराची गोल चकती घशाखाली अडकली तर ती उलटून टाकायची सोय त्याच्याकडे नाही. फार्मवाल्यांनी दिलेला खुराकच द्यायचा, तोही त्यांनी परवानगी दिलेल्या पोनीला, तळहात सपाट आणि अंगठा मिटून.

आता मी तिकीट काढण्याआधी फार्मला फोन करून एकच गोष्ट विचारते: प्राण्यांच्या जागेतून बाहेर पडताना साबण आणि नळ आहे का, मुलांच्या उंचीला पोचेल असा? ‘जेल ठेवलंय’ असं उत्तर आलं तर मी दुसरा फार्म शोधते.